काचेवरचं ऊन

नाही नाही मॅडम, आधी डोकं मागे टाका, मग प्रश्न. तुम्ही विचारायचं आणि मी सांगायचं असं ठरलंय, मान्य, पण त्यासाठी त्या स्टुलावर अवघडून कशाला बसायचं? पार्लरमध्ये येऊन कुणी जसंच्या तसं तोंड घेऊन परत गेलं तर माझी काय अब्रू राहिली? आणि तुमच्या कपाळावर — रागावू नका हं — तुमच्या कपाळावर अख्खं ऑफिस दिसतंय. हां, अशी मान. हा मातीचा पॅक आहे, आधी गार लागेल, मग ओढल्यासारखं होईल, मग काही वाटणार नाही. वीस मिनिटं. अट एकच, बोलायचं नाही. हसायचंसुद्धा नाही, तडे जातात. तो प्रश्नांचा कागद द्या इकडे, मीच वाचते, मीच उत्तरं देते — वही राहू दे मांडीवर, न बघता लिहिता येतं की तुम्हाला, मघाशी बघितलं मी. आणि एक सांगून ठेवते, आज मी जरा जास्तच बोलणार आहे. सकाळपासून असंच चाललंय. दूधवाल्याला सांगितलं, झाडूवालीला सांगितलं, एका बाईच्या भुवया करता करता इतकी हसले की तिनेच माझ्या हातातला दोरा काढून घेतला. म्हणाली, आधी हसून घे, मला दोन भुवया घेऊन घरी जायचंय. पण काय करू? काल संपले ना! चारशेच्या चारशे तास! काल दुपारी, बरोबर साडेतीनला.

प्रश्न पहिला — 'योजनेत येण्यापूर्वीची पार्श्वभूमी.' पार्श्वभूमी काय, ही बघा पार्श्वभूमी. दोन खुर्च्या, एक आरसा, मागे पडदा, पडद्यामागे मी आणि माझी लेक. नऊ वर्षांची आहे, सगळे तिला भिंगरी म्हणतात, एका जागी ठरली तर डॉक्टर बोलवावा लागेल अशी. नवरा होता, दीड वर्षापूर्वी गेला. गेला म्हणजे देवाघरी नाही हो — दुसरीच्या घरी. रीतसर घटस्फोट, रीतसर दुसरं लग्न, सगळं सह्यानिशी, तक्रारीला जागा नाही. मी म्हटलं, ठीक आहे, जा बाबा. खरंच म्हटलं. रडले बिडले नाही — म्हणजे रडले, पण गिऱ्हाईक नसताना. आता समोर बघा. मान नका हलवू, आरशात बघा, आरशात समोरचा स्टुडिओ दिसतो. तो फोटोवाल्या काकांचा. वय अडुसष्ट, चाळीस वर्षांचं दुकान, आणि मध्ये ही एवढीशी गल्ली — दोन स्कूटर शेजारून गेल्या तर आरसे घासतात. आता तुम्ही सांगा, नव्या जोडप्याला फोटो काढायला एवढ्या मोठ्या शहरात दुसरा स्टुडिओ मिळू नये? नाही मिळाला. तिथेच आले. काकांनी काढला, आणि काकांना तो असा काही आवडला, असा काही आवडला, की माणसाएवढा मोठा करून शोकेसमध्ये लावला. झालं! रोज सकाळी मी शटर वर करायची की समोरून नवरा माझ्याकडे बघून हसतोय. बारा वर्षांच्या संसारात हसला नाही तेवढा त्या अकरा दिवसांत हसला.

सांगितलं ना, सांगितलं तर! तीन वेळा गेले. पहिल्यांदा गोडीत, दुसऱ्यांदा चढ्या आवाजात, तिसऱ्यांदा हात जोडून. काका काय म्हणाले माहितीये? 'बाई, माणसं बघू नका, त्या गालावरचा उजेड बघा.' उजेड! मला म्हणतायत उजेड बघा! ते तसेच आहेत, त्यांना माणसाचं नाक दिसत नाही, नाकाची सावली दिसते. ते एक वेळ मी गिळलं असतं. पण भिंगरी — भिंगरी रोज शाळेला जाताना त्या काचेपाशी थांबायची आणि हात हलवायची. बाबांना टाटा. मी इथून, या खिडकीतून बघायची. अकरा दिवस. बाराव्या दिवशी सकाळी सव्वासातला तिने टाटा केलं, वळणावरून दिसेनाशी झाली, आणि माझ्या डोक्यात काहीतरी — फट्! मेण तापवायचा हीटर असतो ना आमचा, हा असा, पण तेव्हाचा याच्या दुप्पट जड होता, जुन्या बनावटीचा. तो उचलला, बाहेर आले, काका शोकेसमध्ये उभे — म्हणजे, ते आत होते हे नंतर कळलं — आणि दिला फेकून. मेण थंड होतं ही एकच गोष्ट चांगली झाली. काच कशी आली खाली काय सांगू, पावसाची सर यावी तशी. आणि आतून काका. उजवा हात छातीशी धरलेला. ओरडले नाहीत, काही नाही, माझ्याकडे बघून म्हणाले, 'टॉवेल आहे का हो तुमच्याकडे?' पार्लरला टॉवेलची काय कमी! अकरा टॉवेल बांधले मी त्या हाताला, मीच गाडीत घातलं, मीच दवाखान्यात नेलं, आणि पोलीस मला शोधत आले तेव्हा मी तिथे काकांचा चष्मा पुसत बसले होते. उजव्या अंगठ्याची आणि बोटाची शीर तुटली होती. आणि मॅडम, दुसऱ्या हातात काय होतं त्यांच्या माहितीये? त्या फोटोची चौकट. ते तो फोटो उतरवायला गेले होते. बाराव्या दिवशी त्यांना वाटलं, जाऊ दे, उतरवूया. आणि मी त्याच मिनिटाला... बघा कसं असतं. हसू येतं मला. म्हणजे हसू नाही, पण येतं.

दुसरा आणि तिसरा प्रश्न सोडते, त्यात नुसते कलमांचे नंबर आहेत. कोर्टाचं तुम्हाला माहीतच आहे, कागद सगळे तुमच्याकडेच. आठ महिने कैद झाली असती. आठ महिने मी आत, आणि भिंगरी कुठे? बापाकडे. त्या फोटोतल्या बाईकडे. वाईट नाही हो ती बाई, मी नाही म्हणत वाईट, पण भिंगरीचं डोकं धुताना पाणी कानात जाऊ द्यायचं नाही, नाहीतर रात्रभर कळवळते, हे तिला कोण सांगणार होतं? तर आमच्या वकिलांनी तुमची ही नवी योजना शोधून काढली, कैदेऐवजी काम. मी त्यातली सातवीच केस. अट मला तीनदा समजावली — काच मुद्दाम फोडलेली चालेल, माणसाला मुद्दाम मारलेलं चालणार नाही. आणि ज्याला लागलं त्याची संमती पाहिजे. न्यायाधीशबाईंनी काकांना उभं केलं, हात गळ्यात बांधलेला. विचारलं, हिने तुम्हाला पाहिलं होतं का? काका म्हणाले, 'नाही. काचेवर ऊन होतं. काचेवर ऊन असलं की बाहेरच्याला आतलं माणूस दिसत नाही, स्वतःचंच तोंड दिसतं.' चाळीस वर्षं उजेड विकलेला माणूस तो, त्याच्यापुढे कोण बोलणार? सरकारी वकीलसुद्धा मान हलवत बसला. मग बाईंनी विचारलं, ही तुमच्याकडे चारशे तास काम करेल, चालेल? तर काका म्हणतात, 'बटण दाबायचं बोट उजव्या हाताचं लागतं, डाव्या हाताचा कॅमेरा मी अजून पाहिला नाही. हिचा उजवा हात चालतोय ना? मग पाठवा.' सगळं कोर्ट हसलं! मीही हसले आणि हसता हसता तिथेच खाली बसले.

हसू नका, हसू नका, हा गालाजवळ गेला बघा तडा. थांबा, बोट फिरवते. चौथा प्रश्न — 'काम अपमानास्पद वाटले का?' अहो, सुरुवातीला तर इथून तिथे जायची आठ पावलं आठ मैलांची व्हायची. सकाळी सात ते नऊ, मग येऊन माझं पार्लर. गल्लीतला एकूण एक माणूस त्या वेळेला नेमका दात घासायला दारात! पण आत गेलं की अपमान करून घ्यायला वेळच नसायचा. काका कॅमेऱ्याच्या मागे उभे राहणार, डोळा लावणार, 'हं' म्हणणार, आणि हं म्हटलं की मी बटण दाबायचं. सोपं वाटतं ना? मला तो हं कधी आधी ऐकू यायचा, कधी नंतर. एका माणसाचे ओळखपत्रासाठी नऊ फोटो काढले, नऊच्या नऊ डोळे मिटलेले. तो बिचारा म्हणाला, असू दे, घरचे ओळखतील. काका मला म्हणाले, 'तुम्ही बटण दाबता की डास मारता?' मी म्हटलं, तुम्ही हं म्हणता की खोकता? अशी आमची भांडणं, गिऱ्हाइकासमोर! आणि तुमच्या ऑफिसचे ते घड्याळवाले साहेब, न सांगता तपासणीला येणारे — ते एकदा आले तेव्हा मी एका रडक्या बाळाला हसवायला स्टुलावर चढून कोंबड्यासारखी आरवत होते. दारात उभं राहून पूर्ण बघितलं त्यांनी, खिशातून पेन काढलं आणि लिहिलं, 'काम समाधानकारक.' शप्पथ! वाचा, असेल तुमच्या फायलीत.

मग माझंही डोकं चालायला लागलं. फोटोला येणाऱ्याचे केस विस्कटलेले, मी नीट करायची. कुणाच्या कपाळावर घाम, मी टिपायची. काका म्हणायचे, माणसाला रंगवू नका, मी म्हणायची, रंगवत नाही, शोधून काढतेय. आणि हाताचं ऐका — डॉक्टरांनी काय सांगावं? गरम मेणाचा शेक! वितळलेल्या मेणात हात बुडवायचा, थर चढू द्यायचा, सोलायचा, आणि मग बोटं हलवायची. मेण! मी डॉक्टरांसमोरच फुटले हसायला, त्यांना वाटलं डोक्यावर परिणाम झालाय. आणला मी नवा हीटर, हा लहानवाला, आणि रोज सकाळी नऊला काम संपलं की काकांना या खुर्चीत बसवायची — हो, तुमच्याच — आणि त्यांचा हात मेणात. ते तासांत धरत नव्हते हं, तो वेळ माझा. मेण सोललं की आत हात कसा निघतो, बाळासारखा, गुलाबी. अंगठा हलवा म्हटलं की काका सगळं तोंड हलवायचे, भुवया, ओठ, कान, फक्त अंगठा सोडून. महिनाभर नाही हलला. दोन महिने नाही. आणि मग एके दिवशी इतकासा — इतकासा हलला, मुंगीने मान वळवावी तेवढा, आणि आम्ही दोघं असे ओरडलो की दुसऱ्या खुर्चीतली बाई अर्धे केस कापलेले तसेच घेऊन बाहेर पळाली.

काल काय झालं ते सांगते, ते कुठल्याच प्रश्नात नाही, पण ते लिहाच. शेवटचे दोन तास. परवाच काका म्हणाले, उद्या सकाळी नको, दुपारी दीडला या, आणि भिंगरीला आणा. मी म्हटलं, काय ठरवलंय काय तुम्ही? म्हणाले, उद्या बटण मी दाबणार. स्वतः! माझ्या बोटाने! बसलो आम्ही दोघी खुर्चीत, आणि तुम्ही तीनला आला असतात ना तर ती गल्ली बघायची होती तुम्ही — सगळी काच नुसती सोन्यासारखी, आतली भिंत पिवळीधमक. तो उजेड मिळावा म्हणून तर दुपारी बोलावलं. त्यांच्या बाजूला ऊन येतं तेच मुळी तीनला, सकाळी तिकडे टिपूससुद्धा नसतो, सकाळचं सगळं ऊन माझ्या बाजूला. तर काका उभे राहिले, डोळा लावला, बोट बटणावर, पहिल्यांदा बोट घसरलं, दुसऱ्यांदा हात कापला, तिसऱ्यांदा भिंगरीच पळाली, आणि चौथ्यांदा — टक्! एवढासा आवाज. सात महिन्यांनी. फोटो वाकडा आलाय, माझं अर्धं डोकं कापलं गेलंय, भिंगरीची जीभ बाहेर आहे, आणि काका तो घेऊन गल्लीभर फिरले, चाळीस वर्षांत पहिल्यांदा फोटो काढल्यासारखे —

काय झालं? डोळे का उघडले? पॅक डोळ्यांत गेला का? नाही? मग? असं का बघताय? मी काय...

अरे देवा.

म्हणजे, त्या दिवशी होतं ऊन. सकाळी. थोडंसं. समोरून, माझ्या काचेवरून उलटं फिरून गेलं असेल, जातं कधी कधी — बोलू नका, बोलू नका, पॅक ओला आहे अजून. वर्षाच्या त्या दिवसांत सूर्य जरा — नाही. काय बोलतेय मी. तुम्ही रोज माणसं ऐकता. तुम्हाला कळलंच ते.

बघितलं मी. हो. लख्ख दिसत होते काका. काचेत उभे, खांद्यावर फडकं, दोन्ही हात चौकटीला. मला वाटलं पुसतायत. त्याचं तोंड पुसतायत, आणखी चकचकीत करतायत. आणि त्यांनी मान वर केली, आणि आमची नजरानजर झाली, मॅडम. हीटर माझ्या डोक्यावर होता. खाली घेता आला असता. एवढा वेळ होता मध्ये, एक श्वास घेऊन सोडावा एवढा. मी घेतला श्वास. आणि मग फेकला.

कोर्टात ते ऊन म्हणाले तेव्हा मला वाटलं, म्हातारा माणूस, धक्का बसला असेल, आठवत नसेल नीट. सहा महिने मी तेच धरून बसले. गेल्या महिन्यात या खुर्चीत मेण सोलता सोलता ते म्हणतात, 'नेम चांगला आहे तुमचा.' मी म्हटलं, काचेवर मारला होता काका. तर म्हणाले, 'बाई, मी चाळीस वर्षं लोकांचे डोळे बघतोय. माणूस कॅमेऱ्यात बघतो की कॅमेऱ्याच्या वरून बघतो, मला कळतं. तुम्ही माझ्याकडे बघत होतात.' मी मेण सोलायची थांबले. म्हटलं, मग का सांगितलंत तसं? उजेडाबद्दल! तुम्ही! ते बोटं हलवत बसले, आणि म्हणाले, 'अकरा दिवस तुम्ही सांगत होतात, मी ऐकलं नाही, मला माझा फोटो आवडला होता. शिवाय तुम्हाला आत टाकून माझा अंगठा परत येणार होता का? मला बटण दाबायला माणूस हवं होतं.' बस्स. एवढंच. मग म्हणाले, मेण गार होतंय, उरकून घ्या. त्या दिवसापासून मी अशी झालेय बघा, हलकी, उडाल्यासारखी, कुठेही हसते. कुणाला तरी कळलंय आणि तरी तो माणूस माझ्या हातात हात देऊन बसतो रोज. तुम्हाला कळतंय का मी काय म्हणते? डोळे मिटा, मी नाही बघू शकत तुमच्याकडे.

आता तुमचा शेवटचा प्रश्न. 'ही योजना कोणत्या गुन्हेगारांना लागू करावी असे आपणास वाटते?' काय लिहू? ज्याच्या हातून चुकून लागलं त्यालाच लागू करा, असं तुमच्या नियमात आधीच छापलंय. म्हणजे मला नाही. बघून मारणाऱ्याला नाही. आणि फोनवर तुम्हीच म्हणालात, तुमचं प्रकरण सगळ्यात चांगलं चाललंय, समितीपुढे ते पहिलं ठेवणार आहोत! ठेवा आता. आता खरं लिहिलंत तर मी आत, काका खोटी साक्ष दिली म्हणून आत, आणि समितीतला कुणीतरी म्हणणार, बघा, अशाने लोक फसवतात, गुंडाळा ते सगळं. आणि खोटं लिहिलंत तर पुढच्या वेळी कुणीतरी माझ्यासारखी, जिने बघितलं आणि मारलं, आणि समोरचा माणूस उजेडाबद्दल खोटं बोलणारा नाही, सरळ आहे — तिचं काय? तिच्या पोरीचं डोकं कोण धुणार? मी आठ महिने आत बसून काय केलं असतं सांगा. मी म्हणाले असते, मी त्यांना पाहिलंच नाही. रोज म्हणाले असते. म्हणता म्हणता मला ते खरंही वाटायला लागलं असतं. रोज त्या हातासमोर बसावं लागलं म्हणून — जाऊ दे.

वीस मिनिटं झाली का? झाली असतील. अजून पाच ठेवूया. तुमची त्वचा कोरडी आहे. अजून दहा ठेवू. नाही, नाही, हाताने खूण करू नका, मी बघतच नाहीये. सारखं वाटतंय की तुम्ही तोंड उघडाल आणि काहीतरी बोलाल, आणि ते काय असेल ते — हो, कळलं, ओढतोय, सुकलाय पूर्ण. ठीक आहे. उठा. इकडे नळ आहे, आधी कोमट पाणी मारा, मग गार. चोळू नका, नुसतं सोडवून घ्या. टॉवेल इथे. मी बाहेर उभी राहते. तुमची वही घ्या, काय लिहायचं ते लिहा आणि मागच्या दाराने जा, तिकडून स्टँड जवळ पडतं. मला वाचून दाखवू नका.